प्रागहून चेस्की क्रुमलोव्ह : एका दिवसात, गाइडबरोबर जावे का?

सांजवात

नमस्कार मंडळी. सप्टेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात मी आई-वडिलांना घेऊन प्रागला जात आहे. मुक्काम चार रात्रींचा आहे आणि त्यातला एक पूर्ण दिवस चेक प्रजासत्ताकाच्या दक्षिण बोहेमिया प्रांतातील चेस्की क्रुमलोव्ह या जुन्या गावासाठी ठेवावा, असे आमच्या मनात आहे. व्ल्टावा नदीच्या दुहेरी वळणात वसलेले हे गाव आणि त्याच्या वरच्या कड्यावर उभा असलेला किल्ला यांची छायाचित्रे पाहिल्यापासून आईचा जीव तिथे अडकला आहे. प्रागमध्ये जी नदी आपण पुलावरून पाहणार, तीच नदी इतक्या दूर या गावाला वेढा घालून आलेली असते, हे तिला फार आवडले.

अडचण अशी आहे की आईचे वय ६८ आहे आणि तिचे गुडघे दुखतात. सपाट रस्त्यावर ती तासभर चालू शकते. चढ आणि पायऱ्या मात्र तिला जड जातात. वडील सार्वजनिक बांधकाम खात्यातून निवृत्त झाले आहेत. त्यांना इमारत नुसती पाहून समाधान होत नाही, ती कशी उभी राहिली हे कोणीतरी सांगावे लागते. म्हणूनच गाइड असलेल्या सहलीचा विचार करत आहोत.

ज्या सहली मी पाहिल्या, त्या सकाळी आठ-साडेआठला प्रागहून निघतात आणि संध्याकाळी सहा-सातपर्यंत परत आणतात. काहींमध्ये वाटेत ह्लुबोका येथील राजवाडाही दाखवतात. मला तीन गोष्टींविषयी जाणकारांचे मत हवे आहे. जाण्यायेण्यात पाच-सहा तास घालवून हाती उरणाऱ्या वेळात हे गाव खरोखर पाहून होते का? गाइड प्रागपासूनच सोबत असणे गरजेचे आहे, की तिथे पोहोचून घेतलेला बरा? आणि एका दिवसात किल्ल्याच्या आत नेमके काय पाहावे? ज्यांनी ही सहल केली आहे त्यांनी कृपया सविस्तर लिहावे.

प्रागवासी

सांजवातताई, मी गेली नऊ वर्षे प्रागमध्ये नोकरीनिमित्त राहतो आणि भारतातून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याबरोबर क्रुमलोव्हची एक फेरी होतेच, त्यामुळे थोडे अधिकाराने लिहितो.

आधी अंतर आणि वेळ. प्रागपासून क्रुमलोव्ह सुमारे १७० किलोमीटर दक्षिणेला आहे. ना क्नीझेत्सी या बसस्थानकावरून थेट बस सुटतात. भुयारी रेल्वेचे अंड्येल स्थानक त्याला लागूनच आहे. बसला पावणेतीन ते तीन तास लागतात, आसने आरक्षित असतात आणि तिकीट घरबसल्या काढता येते. रेल्वेनेही जाता येते, पण बहुतेक वेळा चेस्के बुद्येयोवित्से येथे गाडी बदलावी लागते आणि क्रुमलोव्हचे रेल्वेस्थानक गावापासून दूर, टेकडीच्या अंगाला आहे. परतताना तो चढ आईंना त्रासाचा होईल, म्हणून रेल्वेचा विचार करू नये. बसने गेल्यास मुख्य बसस्थानकावर न उतरता श्पिचाक या थांब्यावर उतरावे. तिथून बुद्येयोवित्से वेस अगदी जवळ आहे. गावाच्या जुन्या वेशींपैकी तेवढी एकच आज उभी आहे आणि जुन्या गावात तिच्यातूनच शिरलेले उत्तम. (तिकीटखिडकीवर गावाचे नाव सांगताना शेवटचा उच्चार 'क्रुमलोफ' असा करावा, म्हणजे समोरच्याला चटकन कळते.)

आता गाइडविषयी. माझे स्पष्ट मत असे आहे की गाइड गावासाठी लागतो, वाटेसाठी लागत नाही. प्रागपासून सोबत असलेला गाइड बसमध्ये पहिला अर्धा तास बोलतो, त्यानंतर सर्वजण झोपतात, आणि गावात पोहोचल्यावर चाळीस-पन्नास जणांच्या घोळक्याला सांभाळण्यातच त्याची शक्ती जाते. त्यापेक्षा साध्या बसने जाऊन, गावातील पर्यटन कार्यालयामार्फत स्थानिक गाइडची दीड-दोन तासांची पायी फेरी घेतली, तर वडिलांच्या प्रश्नांना उत्तरे मिळतील. प्रागहून निघणारी सहल घ्यायचीच असेल, तर आठ जणांच्या छोट्या गाडीची घ्या आणि पैसे भरण्याआधी एकच प्रश्न लेखी विचारा : क्रुमलोव्हमध्ये प्रत्यक्ष किती तास मिळतील? पाच तासांपेक्षा कमी उत्तर आले तर ती सहल सोडून द्या. ह्लुबोकाचा राजवाडा सुंदर आहे, परंतु तो एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमधील विंडसरच्या धर्तीवर नव्याने घडवलेला आहे आणि त्याच्यासाठी क्रुमलोव्हचे दोन तास खर्च करणे मला पटत नाही.

आणखी एक महत्त्वाचे : सोमवारी जाऊ नका. त्या दिवशी किल्ल्याच्या अंतर्भागाच्या फेऱ्या बंद असतात.

दगडी पाऊल

माझा अनुभव थोडा कडू आहे, म्हणून लिहिणे कर्तव्य समजतो. चार वर्षांपूर्वी आम्ही दोघे प्रागहून एका मोठ्या बसच्या सहलीने गेलो होतो. कागदावर दहा तासांची सहल होती. प्रत्यक्षात निघायला पाऊण तास उशीर झाला, वाटेत महामार्गावरच्या एका दुकानात अर्धा तास थांबवले, आणि गावात पोहोचल्यावर आधीच ठरलेल्या खानावळीत जेवणासाठी सव्वा तास गेला. ते जेवण सहलीच्या पैशांत धरलेले असल्यामुळे नाकारताही येईना. शेवटी गाव पाहायला दोन तास वीस मिनिटे उरली. किल्ल्याच्या आत पाऊल टाकता आले नाही. मनोऱ्यावर चढायचे ठरवले होते, पण रांग पाहून परत फिरलो. पत्नी परतीच्या वाटेवर एक शब्द बोलली नाही.

गेल्या वर्षी पुन्हा गेलो आणि या वेळी गावात एक रात्र राहिलो. साडेपाच-सहानंतर बस परतीला लागतात आणि मग गाव अक्षरशः श्वास सोडते. लाझेब्निस्की पुलावर उभे राहिलो तर पाण्याचा आवाज ऐकू आला. दुपारी त्याच पुलावर उभे राहायला जागा नव्हती. सकाळी सात वाजता मुख्य चौकात आम्ही, एक पाववाला आणि कबुतरे एवढेच होतो. त्यामुळे माझा सल्ला असा की चार रात्रींपैकी एक रात्र क्रुमलोव्हला द्यावी. आईंच्या गुडघ्यांसाठीही एका दिवसात सहा तासांचा बसप्रवास टाळलेला बरा.

सांजवात

प्रागवासी आणि दगडी पाऊल, दोघांचेही मनापासून आभार. रात्री मुक्कामाचा विचार मोहात पाडणारा आहे, परंतु प्रागमधील निवासाचे पैसे भरून झाले आहेत आणि ते परत मिळणार नाहीत. शिवाय सामान घेऊन दोनदा जागा बदलणे आईला नको आहे. त्यामुळे दिवसाचीच सहल करावी लागेल. ती चांगली कशी करता येईल, याविषयी आणखी मते यावीत.

नेपथ्यकार

ताई, तुम्ही विचारले आहे की किल्ल्याच्या आत काय पाहावे. मी अनेक वर्षे हौशी आणि प्रायोगिक रंगभूमीवर नेपथ्य केले आहे, त्यामुळे माझे उत्तर पक्षपाती ठरेल, तरीही ते ठामपणे देतो : किल्ल्यातील बरोक, म्हणजे सतराव्या-अठराव्या शतकांतील युरोपीय शैलीचे, नाट्यगृह पाहा. बाकी सगळे सुटले तरी चालेल.

या किल्ल्यावर नाट्यगृहाची स्वतंत्र इमारत १६८०-८२ च्या सुमारास एगेनबेर्ग घराण्याने बांधली आणि १७६५ ते १७६७ या काळात योझेफ आडाम श्वार्झेनबेर्ग याने तिला आजचे रूप दिले. युरोपात त्या काळी दरबारी नाट्यगृहे गावोगावी होती, पण बहुतेक जळाली किंवा काळाप्रमाणे बदलली गेली. क्रुमलोव्हचे नाट्यगृह मात्र बाजूला पडून राहिले आणि त्यामुळेच वाचले. इमारत, रंगमंच, यंत्रणा, रंगवलेले पडदे आणि विंगा, शेकडो पोशाख, हस्तलिखित संहिता, स्वरलिपी हे सारे एकाच ठिकाणी टिकून राहिले आहे. एवढ्या संपूर्णतेने टिकलेल्या अशा नाट्यगृहांची नावे घ्यायची झाली, तर स्वीडनमधील १७६६ च्या ड्रॉटनिंगहोमखेरीज फारशी सापडत नाहीत.

तुमच्या वडिलांना यातली यंत्रणा फार आवडेल. रंगमंचाच्या फळ्यांना दोन्ही बाजूंनी लांब फटी आहेत. त्या फटींतून वर आलेल्या चौकटींवर विंगा बसवलेल्या असतात आणि त्या चौकटी खाली, रंगमंचाच्या पोटात, चाकांच्या गाड्यांवर उभ्या असतात. सगळ्या गाड्यांचे दोर एकाच मधल्या लाटेला, म्हणजे फिरत्या लाकडी दंडाला, गुंडाळलेले असतात. खालच्या माणसांनी ती लाट फिरवली की एका दृश्याच्या सगळ्या विंगा एकदम मागे सरतात आणि त्याच वेगाने दुसऱ्या दृश्याच्या पुढे येतात. प्रेक्षकांसमोर, पडदा न पाडता, काही क्षणांत अरण्याचा राजवाडा होतो. आपल्या संगीत नाटकांच्या काळातले रंगवलेले गुंडाळी पडदे मी लहानपणी एका जुन्या कंपनीच्या कोठारात पाहिले होते. खोलीचा भास निर्माण करण्याची विद्या तीच. क्रुमलोव्हमध्ये मात्र ती लाकूड, दोर आणि कप्प्यांच्या बळावर हालते. आमच्या गटाला ते समजावून सांगणाऱ्या तरुणीने हातांनीच लाट फिरवल्याचा अभिनय करून दाखवला आणि मला माझ्या पहिल्या नाटकाची आठवण झाली.

दोन व्यवहारी सूचना करतो. नाट्यगृहाची फेरी वेगळ्या तिकिटावर असते, ती साधारण मे ते ऑक्टोबर एवढाच काळ चालते आणि लाकडाचे व रंगांचे नुकसान होऊ नये म्हणून एका वेळी थोडेच लोक आत घेतात. सप्टेंबरमध्ये तुम्हाला ती मिळेल, पण तिकीट आधीच काढा. सहल कंपनीच्या भरवशावर राहू नका. आणि इंग्रजी फेरीची वेळ आधी निश्चित करून मगच प्रागहून निघण्याची वेळ ठरवा.

वाटसरू

विषयाला थोडे वेगळे वळण देतो. दिवसाचीच सहल करायची असेल आणि आईंना लांबचा प्रवास नको असेल, तर कुटना होरा या गावाचा विचार का करू नये? प्रागपासून रेल्वेने तासाभराच्या अंतरावर ते आहे आणि मध्ययुगाचा खरा गाभा तिथे अधिक जाणवतो. क्रुमलोव्हचे रस्ते मध्ययुगीन आहेत, पण घरांचे दर्शनी भाग, रंगवलेल्या भिंती आणि किल्ल्याचे रूप हे बहुतांश सोळाव्या शतकातील आणि त्यानंतरचे आहे.

कुटना होरा हे चांदीने घडवलेले गाव आहे. तेराव्या शतकाच्या अखेरीस तिथे चांदीच्या मोठ्या शिरा सापडल्या आणि १३०० मध्ये दुसऱ्या व्हात्स्लाव राजाने तिथे प्राग ग्रोश हे नाणे पाडायला सुरुवात केली. मध्य युरोपभर चाललेले हे नाणे ज्या टांकसाळीत पडत असे, ती इमारत आज पाहता येते. तिला इटालियन वाडा म्हणतात, कारण नाणी पाडण्याची पद्धत बसवायला राजाने इटालियन तज्ज्ञ आणले होते. खाणकामगारांची रक्षणकर्ती मानली गेलेली संत बार्बरा हिच्या नावाचे भव्य चर्च १३८८ मध्ये सुरू झाले. चांदी आटली तसा पैसाही आटला आणि ते पूर्ण व्हायला १९०५ उजाडले. त्याच्या आत भिंतींवर खाणकामगार आणि नाणी पाडणारे कारागीर रंगवलेले आहेत. देवळात राजे आणि संत सगळीकडेच दिसतात. कामकरी माणसे दिसली की मी तिथे थांबतो. जवळच सेडलेट्स येथे मानवी अस्थींनी सजवलेले चॅपेल आहे. ते आईंना आवडेल की नाही, याचा विचार आधी करावा.

प्रागवासी

वाटसरू यांचा मुद्दा रास्त आहे आणि ज्यांच्याकडे अर्धा-पाऊण दिवसच आहे त्यांना मीही कुटना होराच सुचवतो. मात्र त्या गावचे मुख्य रेल्वेस्थानक सेडलेट्सकडे आहे आणि चर्च तिथून तीनेक किलोमीटर दूर आहे, हे धरून चालावे. आईंचे मन क्रुमलोव्हवर बसले आहे, तर मी ते मोडणार नाही.

जुनी पानं

हा धागा पहिल्यापासून वाचते आहे. गाइडच्या बाबतीत एक गोष्ट कोणी लिहिली नाही, ती मला महत्त्वाची वाटते, म्हणून जरा विस्ताराने लिहिते.

क्रुमलोव्हमध्ये गाइड काय सांगतात हे मी तीन वेगवेगळ्या फेऱ्यांमध्ये ऐकले आहे. रोझम्बेर्क घराण्याची गोष्ट सगळे सांगतात. ती सांगण्यासारखीच आहे. १३०२ पासून तीनशे वर्षे हे घराणे इथे नांदले. पाच पाकळ्यांचा लाल गुलाब हे त्यांचे चिन्ह आजही गावभर दिसते. इटलीतील ओर्सिनी घराण्याशी आपले नाते आहे असा त्यांचा दावा होता आणि त्या नावात अस्वल दडलेले असल्यामुळे किल्ल्याच्या खंदकात अस्वले पाळण्याची प्रथा आली. व्हिलेम याने जुन्या गढीचे प्रबोधनकालीन प्रासादात रूपांतर केले. त्याचा धाकटा भाऊ पेत्र व्होक कर्जात बुडाला आणि त्याने १६०२ मध्ये सम्राट दुसरा रुडॉल्फ याला हे सर्व विकून टाकले. मग रुडॉल्फचा अनौरस मुलगा डॉन ज्युलियस याने १६०८ मध्ये गावातील न्हाव्याच्या मुलीचा किल्ल्यात केलेला क्रूर खून येतो. त्यावर प्रत्येक गाइड दहा मिनिटे घेतो, आणि घोळका स्तब्ध होऊन ऐकतो.

परंतु विसाव्या शतकावर आले की त्यांची गोष्ट एकदम आखूड होते. 'नंतर युद्ध झाले, मग साम्यवाद आला, आणि १९९२ मध्ये युनेस्कोच्या यादीत नाव गेले', एवढ्यावर ती संपते. खरे तर या गावाची बहुसंख्य वस्ती शतकानुशतके जर्मन बोलणारी होती आणि ती त्याला क्रुमाउ म्हणत असे. १९३८ च्या म्युनिक करारानंतर हा भाग हिटलरच्या जर्मनीत गेला. युद्ध संपल्यावर, १९४५-४६ मध्ये, चेकोस्लोव्हाकियातून सुमारे तीस लाख जर्मनभाषकांना घालवून देण्यात आले आणि त्यांत या गावातील बहुतेक कुटुंबे होती. मोकळ्या झालेल्या घरांत दुसरीकडची माणसे येऊन राहिली. त्यांना त्या घरांचा इतिहास ठाऊक असण्याचे कारण नव्हते आणि ती दुरुस्त करायला पैसाही नव्हता. श्वार्झेनबेर्ग घराण्याची मालमत्ता १९४७ च्या खास कायद्याने सरकारजमा झाली. आज जे गाव इतके अखंड आणि देखणे दिसते, ते पुढची चाळीस वर्षे पडझडीच्या अवस्थेत होते आणि १९८९ नंतर घराघराने सावरले गेले. तिथे उभे राहून हे ऐकले की समोरच्या खिडक्यांकडे पाहण्याची नजर बदलते. निदान माझी बदलली.

तुम्हाला वेळ मिळाला तर झाइडल यांचा जुना छायाचित्र स्टुडिओ पाहा. तो आता संग्रहालय आहे. गावातली आणि शुमावाच्या डोंगरातली माणसे तिथे येऊन छायाचित्रे काढून घेत. काचेच्या तबकड्यांवर उतरलेले ते चेहरे म्हणजे या गावाचे जुने रहिवासी. चित्रकार एगॉन शीले याची आई याच गावची होती. १९११ मध्ये तो इथे येऊन राहिला आणि त्याचे वागणे न रुचल्यामुळे लोकांनी त्याला काही महिन्यांतच निघून जायला लावले. आता त्याच्या नावाचे मोठे कलाकेंद्र गावात आहे.

आणि आजचा प्रश्नही गाइडने सांगितला पाहिजे. जुन्या गावात कायमचे राहणारे लोक फार थोडे उरले आहेत, कारण बहुतेक घरांची निवासस्थाने आणि दुकाने झाली. २०१८ मध्ये कातेर्झिना शेडा या चेक कलावतीने काही कुटुंबांना मोबदला देऊन या जुन्या गावात राहायला आणि तिथे नेहमीचे, साधे आयुष्य जगायला बोलावले होते. तो प्रयोग तिने त्या वर्षीच्या व्हेनिसच्या वास्तुकला प्रदर्शनात मांडला. २०१९ पासून मोठ्या बसना तिथे आगाऊ नोंदणी करून शुल्क भरावे लागते. दिवसाच्या सहलीला जाऊ नये, असे मी म्हणणार नाही. मीही तशीच गेले आहे. गेल्यावर गावातल्याच गाइडला पैसे द्यावेत, गावातल्याच माणसाकडे जेवावे आणि १९४५ विषयी स्वतःहून विचारावे. चांगला गाइड त्या प्रश्नाने मोकळा होतो, असा माझा अनुभव आहे.

हिरवी वाटी

शाकाहारी असाल तर थोडक्यात सांगते. 'स्माझेनी सीर' म्हणजे पावाच्या चुऱ्यात घोळून तळलेले चीज आणि 'ब्रांबोराक' म्हणजे लसूण घातलेले बटाट्याचे जाडसर धिरडे, हे दोन पदार्थ सर्वत्र मिळतात. सूप मात्र विचारल्याशिवाय घेऊ नका, कारण भाज्यांच्या सूपलाही पुष्कळदा मांसाचे पाणी वापरतात. आईंसाठी दशम्या सोबत नेल्या तर उत्तम.

सांजवात

मंडळी, आम्ही सहल करून परत आलो आहोत. इतक्या जणांनी वेळ काढून लिहिले, तेव्हा काय झाले हे सांगणे माझे कर्तव्य आहे.

शेवटी आम्ही मधला मार्ग काढला. आईच्या गुडघ्यांचा विचार करून निवासापासून नेणारी आणि परत आणणारी छोटी गाडी घेतली. तिच्यात आमच्यासह सात जण होते. पैसे भरण्याआधी प्रागवासींनी सांगितलेला प्रश्न लेखी विचारला, तेव्हा एका कंपनीने साडेतीन तास असे उत्तर दिले आणि दुसरीने साडेपाच. दुसरी निवडली. चालक फक्त गाडी चालवणार आणि गावात स्थानिक गाइड दोन तास सोबत येणार, अशी तिची व्यवस्था होती. नाट्यगृहाची दुपारची तिकिटे मी पुण्यातूनच काढून ठेवली होती. सहलीतील उरलेला वेळ मोकळा होता, त्यामुळे कोणाचीही आडकाठी झाली नाही.

गाइड पन्नाशीच्या बाई होत्या आणि क्रुमलोव्हमध्येच वाढलेल्या होत्या. त्यांनी आईची चाल पाहून न सांगता वाट बदलली. चालकाला त्यांनी आम्हाला किल्ल्याच्या वरच्या अंगाला, बागेजवळ सोडायला सांगितले, म्हणजे सगळी फेरी उताराची झाली आणि चढ जवळजवळ टळला. ज्यांना वडीलधारी माणसे घेऊन जायचे आहे, त्यांनी ही गोष्ट आवर्जून लक्षात ठेवावी : वरून खाली यावे. बाग, मग तीन मजली कमानींचा प्लाश्चोवी पूल, मग एकामागून एक चौक, आणि शेवटी लाट्रान या भागातून नदीकडे. चौकांतून आणि पुलावरून चालायला तिकीट लागत नाही, आणि पुलावरच्या खिडक्यांतून गाव जसे दिसते तसे दुसरीकडून दिसत नाही. आई तिथल्या दगडी कठड्याला टेकून पाऊण तास बसली. गोल फिरून आलेली नदी, तिच्या पोटात तांबड्या कौलांची दाटी, मधोमध संत व्हिटच्या चर्चचे उंच शिखर. 'छायाचित्रात पाण्याचा आवाज नव्हता,' एवढेच ती म्हणाली.

उतारावर मात्र गोट्यांची फरसबंदी आहे आणि ती गुळगुळीत झालेली आहे. चांगल्या पकडीची पादत्राणे आणि काठी, दोन्ही लागली. मनोऱ्यावर मी एकटीच चढले. १६२ पायऱ्या आहेत, शेवटच्या अरुंद आहेत. या मनोऱ्याचे आजचे रंगकाम बार्तोलोम्येय बेरानेक याने १५९० मध्ये केलेल्या कामाला धरून आहे. खालून पाहताना जे कोरीव दगड, कोनाडे आणि मूर्ती वाटतात, त्यांतले बरेचसे सपाट गिलाव्यावर रंगवलेले आहे. वडिलांनी भिंतीला हात लावून खात्री करून घेतली आणि गिलावा, चुना, रंग यांविषयी इतके प्रश्न विचारले की बाईंनी शेवटी त्यांना पाणी काढून दिले आणि दोघेही बाकावर बसून बोलले.

नेपथ्यकार, तुमचे आभार कसे मानावेत ते कळत नाही. नाट्यगृहात आम्ही लाकडी बाकांवर बसलो. प्रकाश मंद होता आणि समोर एकामागे एक निमुळत्या होत गेलेल्या रंगवलेल्या विंगा होत्या. लाट, दोर आणि गाड्या यांची रचना समजली तेव्हा वडिलांनी माझा हात दाबला. बाहेर आल्यावर त्यांनी बागेतल्या बाकावर बसून वहीत त्या यंत्रणेची आकृती काढली. ती वही आता घरी आल्यागेल्याला दाखवली जाते.

जुनी पानं, तुम्ही सुचवलेला प्रश्न मी विचारला. नदीकाठी चालत असताना बाईंना म्हटले की १९४५ नंतर इथल्या घरांचे काय झाले, ते सांगाल का. त्या थांबल्या. त्यांचे आजी-आजोबा युद्धानंतर स्लोव्हाकियातून इथे आले होते आणि त्यांना मिळालेल्या घरात टेबल, भांडी, मुलाची शाळेची वही असे सगळे जागच्या जागी होते. त्यांच्या आजीने ती वही फेकली नाही, कपाटात तशीच ठेवली. १९९० नंतर एक वृद्ध गृहस्थ जर्मनीहून ते घर पाहायला आले, तेव्हा ती वही त्यांना देण्यात आली. बाई हे सांगत असताना आई माझ्याकडे वळून म्हणाली, 'मला पुन्हा नीट मराठीत सांग,' आणि मी रस्त्यात उभी राहून तिला सगळे सांगितले. फाळणीनंतर कल्याणच्या छावणीत आलेली सिंधी कुटुंबे तिच्या बालपणी शेजारी होती. त्यांच्याविषयी ती मग जेवताना बराच वेळ बोलत राहिली.

झाइडल स्टुडिओ पाहून झाला नाही, वेळच उरला नाही. दगडी पाऊल म्हणतात ती संध्याकाळही आमच्या वाट्याला आली नाही. पाच वाजता निघताना पुलावरची गर्दी पातळ होऊ लागली होती आणि नेमके तेव्हाच आम्ही गाडीत बसलो, याची चुटपुट आहे. प्रागला पोहोचायला पावणेआठ झाले. आईचे गुडघे दुसऱ्या दिवशी दुखले, पण तिने तक्रार केली नाही.

दगडी पाऊल

वाचून फार बरे वाटले. वरून खाली यायची युक्ती मला सुचली नव्हती. तुम्हाला ती छोटी गाडी बागेपाशी नेमकी कुठे सोडून गेली, ते सांगितलेत तर माझ्या सासूबाईंना नेताना उपयोग होईल.

सांजवात

किल्ल्याच्या मागच्या टेकडीवर, बागेच्या भिंतीलगतच्या रस्त्याने वर गेल्यावर एक प्रवेशद्वार लागते, तिथे चालकाने दोन मिनिटे गाडी उभी केली आणि आम्ही उतरलो. बाग हिवाळ्यात बंद असते, त्यामुळे एप्रिल ते ऑक्टोबर या काळातच ही वाट मिळेल. सासूबाईंसाठी काठी मात्र इथूनच न्या, आणि बागेतून पुलाकडे येताना मधल्या बाकांवर दोनदा बसवा. घाई केली नाही तर अर्ध्या तासात सहज पुलावर पोहोचाल.